हेडिंग बंद करणारे आमचे नील्स भाऊजी

सगळ्यांना जय भीम. नमस्कार.

आत्ताच वंदना झाली. बाहेर एवढा बर्फ आहे, तरी तुम्ही आलात. कँटनहून आलात, ॲन आर्बरहून आलात. क्लबची मुलं आली आहेत. मागे बसलेल्या त्या मुलांना मराठी कळत नाही, तरी थांबली आहेत. काय बोलायचं ते मी गाडीत ठरवलं होतं. आता इथे उभी राहिले आणि समोर ताई दिसतेय. आता काहीच आठवत नाहीये. थोडं सांभाळून घ्या मला.

मी वैशाली. सुजाताताईची धाकटी बहीण. नील्स माझे भाऊजी.

तुमच्यापैकी बरेच जण त्यांना इथल्या मुलांच्या फुटबॉल क्लबचे डिरेक्टर म्हणून ओळखता. पण त्याआधी ते खेळाडू होते. स्वीडनच्या पार उत्तरेकडच्या एका छोट्या गावातले. वडील लाकडाच्या कारखान्यात. भाऊजी डिफेंडर होते, बचाव करणारे. उंच, आणि डोक्याने बॉल मारण्यात तरबेज. तिथल्या मोठ्या लीगमध्ये खेळले. देशाच्या संघातही एकदा निवड झाली, पण बाकावर बसून परत आले. ते स्वतःच हसत सांगायचे, "मी देशासाठी खूप छान बसलो."

मग गुडघा गेला. ताई तेव्हा फिजिओथेरपी शिकायला तिथे होती. पेशंट म्हणून हे तिच्यापुढे आले. बाकीचं तुम्हाला माहीत आहे.

खेळ सुटल्यावर त्याच क्लबने त्यांना फुटबॉल डिरेक्टर केलं. डिरेक्टर म्हणजे कोच नव्हे बरं का. कुणाला संघात घ्यायचं, कुणाला ठेवायचं, कुणाला 'आता तू जा' म्हणायचं, हे ठरवणारा माणूस. लग्नाआधी ताई त्यांना नागपूरला घेऊन आली. आईने विचारलं, "जावई करतात काय?" ताईने ते त्यांना सांगितलं. भाऊजींनी जरा विचार केला आणि म्हणाले, "मी पोरांना नाही म्हणायचं काम करतो."

आईने विचारलं, "फोनवर म्हणतात का?"

"नाही. त्यांच्या घरी जातो. आईवडिलांसमोर बसतो. रडले तर थांबतो."

आई उठली आणि त्यांच्या ताटात आणखी एक भाकरी वाढली. झालं. लग्न ठरलं.

ताईला मिशिगनमध्ये नोकरी मिळाली तेव्हा तो मोठा क्लब सोडून भाऊजी इथे ट्रॉयला आले. लहान मुलांच्या क्लबात. लोक म्हणाले, किती खाली आलात. ते म्हणायचे, "इथे कुणाला घरी पाठवावं लागत नाही. ज्याला खेळायचं तो खेळतो." मी त्यांना इतकं खूश आधी कधी पाहिलं नव्हतं. शनिवारी सकाळी मैदानावर ते आणि त्यांचा तो कॉफीचा थर्मास. प्रत्येक मुलाचं नाव पाठ. आपली नावंसुद्धा नीट म्हणायचे. 'ज्ञानेश' म्हणायला त्यांना एक महिना लागला, पण म्हणाले.

आणि मग त्यांनी हेडिंग बंद केलं.

तुम्हाला आठवतं ना? अगदी लहान मुलांना तर ते बंदच होतं. भाऊजींनी ते मोठ्या मुलांनाही बंद केलं. हायस्कूलला जाईपर्यंत प्रॅक्टिसमध्ये आणि मॅचमध्येही कुणीही डोक्याने बॉल मारायचा नाही. बाकीचे क्लब मारत होते. आपली मुलं कॉर्नरला नुसती उभी राहायची आणि आपल्यावर गोल व्हायचे. हरलो. खूप हरलो. पालक चिडले. मीटिंग झाली.

प्रशांतदादा, हे सांगू ना? तुम्हीच काल म्हणालात, सांग, माझं नाव घेऊन सांग. त्या मीटिंगमध्ये प्रशांतदादा सगळ्यांच्या वतीने बोलायला उभे राहिले. त्यांचा मुलगा निहार त्याच टीममध्ये. ते म्हणाले, "सर, फक्त कारण सांगा. आम्ही इंजिनिअर लोक आहोत यार, कारण दिलं तर ऐकू."

भाऊजी म्हणाले, "मला हे बरोबर वाटतं."

"हे कारण नाही, सर."

"हो. पण माझ्याकडे एवढंच आहे."

बोर्डाने सांगितलं, नियम मागे घ्या, नाहीतर पद सोडा. भाऊजींनी किल्ल्या काढून टेबलावर ठेवल्या आणि निघाले. चालत निघाले. सगळ्यांना वाटलं, रागावले. गाडी पार्किंगमध्येच होती. ताईने मला फोन केला. आम्ही गाडी घेऊन रस्त्याने शोधत गेलो तेव्हा ते फुटपाथवर उभे होते. मी म्हटलं, "भाऊजी, गाडी तिथेच सोडलीत?" ते म्हणाले, "मी गाडी आणली होती?"

त्या दिवशी ताईने मला सांगितलं. आजाराचं निदान काही महिन्यांपूर्वीच झालं होतं. स्मृती जात होती. वयाच्या मानाने फार लवकर. इतकी वर्षं डोक्याने बॉल मारला त्यामुळेच का, ते डॉक्टरही छातीठोकपणे सांगत नव्हते. भाऊजींना मात्र शंका होती. आणि तेवढी शंका त्यांना पुरेशी होती.

मी भांडले त्यांच्याशी. म्हटलं, "मीटिंगमध्ये का नाही सांगितलं? सगळ्यांनी ऐकलं असतं." ते म्हणाले, "वैशाली, माझी दया आली म्हणून ऐकलं असतं. मग मी गेलो की विसरले असते. मला वाटलं, पटवता येईल. नाही आलं."

नाही आलं, म्हणाले. बस्स. पुन्हा तो विषय काढला नाही.

बातमी शेवटी फुटलीच. एका सकाळी ताईने दार उघडलं तर प्रशांतदादा ड्राइव्हवेवरचा बर्फ काढत होते. आत आले नाहीत. पुढच्या आठवड्यात पुन्हा आले. मग म्हणाले, "ताई, हॉस्पिटलला मी ड्राइव्ह करतो. तुम्ही मागे त्यांच्याजवळ बसा." तेव्हापासून प्रत्येक अपॉइंटमेंटला तेच घेऊन गेले. आणि क्लबच्या बोर्डावर निवडून येऊन भाऊजींचा नियम त्यांनीच मंजूर करून घेतला.

ते सांगायला दादा घरी आले होते. मी तिथे होते. म्हणाले, "सर, नियम झाला. आता कुणी हेडिंग करत नाही."

भाऊजींनी नीट ऐकून घेतलं. म्हणाले, "छान झालं. कुणी ठरवलं?"

"तुम्ही, सर."

"मी?" भाऊजी हसले. "मी नाही ठरवत काही. मी फक्त खेळतो."

दादा बाहेर गेले आणि गाडीत बसून राहिले. बराच वेळ गाडी सुरू झाली नाही.

त्यानंतर ते हळूहळू मागे मागे गेले. आधी इंग्रजी गेलं, मग ताईकडून शिकलेलं मोडकंतोडकं मराठी. फक्त स्वीडिश उरलं. माया, त्यांची लेक, कॉलेजातून सुट्टीला आली, तर तिला स्वीडिशमध्ये विचारलं, "तू इथे नवीन का?" माया हो म्हणाली. मग किचनमध्ये येऊन मला म्हणाली, "मावशी, ही वॉज सो पोलाइट टू मी." आणि माझ्या गळ्यात पडली.

ताई त्यांना स्वीडनमधल्या जुन्या क्लबच्या ऑफिसातली कुणीतरी वाटायची. ते स्वतः वीस-बावीस वर्षांचे झाले होते. रोज सकाळी कपडे करून खुर्चीत ताठ बसायचे आणि ताईला हळूच विचारायचे, "ठरलं का त्यांचं? मला ठेवतायत का?"

ज्या माणसाने आयुष्यभर दुसऱ्यांच्या घरी जाऊन ही बातमी दिली, तो रोज सकाळी स्वतःच्या बातमीची वाट बघत बसायचा. काय म्हणायचं याला? तुम्ही सांगा.

ताई रोज त्यांच्यासमोर बसायची. हात हातात घ्यायची. स्वीडिशमध्ये सांगायची, "ठरलं. तुला ठेवलंय." मग ते इतके खूश व्हायचे! म्हणायचे, "घरी बाबांना फोन करतो." आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. पुन्हा तीच भीती, पुन्हा तोच आनंद. माझी बहीण एकदाही कंटाळली नाही. एकदाही नाही.

गेल्या मंगळवारी सकाळी ते गेले. न्यूमोनिया झाला होता. ताई जवळ होती, माया जवळ होती. त्या दिवशी त्यांनी काही विचारलं नाही.

माझ्याने आता यापुढे बोलवत नाही. माया म्हणाली, एखादा खेळाडू वारला की मैदानावर लोक टाळ्या वाजवतात. पण ताईला आज आवाज नकोय. तेव्हा काका, काकू, मुलांनो, फक्त उभे राहूया. भंतेजी बसा म्हणेपर्यंत शांत उभे राहूया. मनात ज्याला जे म्हणायचं असेल ते म्हणा.

भाऊजी, या तुम्ही आता. ताईला आम्ही एकटं सोडणार नाही.