नाव आलं का?

...आणि शपथेवर सांगतो, यातलं अक्षर न् अक्षर खरं आहे. म्हणजे चवीपुरतं इकडचं तिकडे केलंय, ते सोडा... पण बावीस वर्षं विलायती टीव्हीसाठी मालिका लिहिणाऱ्या माणसाचं नाव त्याच्या सख्ख्या आईला एकदाही दिसू नये, ही काय तऱ्हा झाली?

कोण म्हणून काय विचारता, आमच्या कलकत्त्याच्या सॉल्ट लेकमधल्या प्रतिभाकाकूंचा श्यामकांत. गेला लंडनला, चिकटला एका खुनांच्या मालिकेला. तिथे म्हणे कामं वाटून देतात. पहिल्या दहा मिनिटांत जो मरणार, त्याचेच संवाद याच्या वाट्याला. चाळीसेक पाद्री मारले हो त्याने, पोस्टातल्या बायका वेगळ्या. एकदा धीर करून साहेबाला म्हणाला, "मला एखादा शेवटपर्यंत जगणारा द्या." तर साहेब म्हणतो, "श्याम, तुझी माणसं इतकी छान मरतात, तुला पुढे कसं नेऊ?"

बरं, मेलेल्यांच्या लेखकाचं नाव कुठे, तर पार शेवटी. आणि आपल्याकडे शेवट बघू देतात का? पाच सेकंदांत पुढचा भाग सुरू. काकू टीव्हीपासून दोन फुटांवर खुर्ची ओढून बसायच्या, मागे आम्ही शेजारी. "नाव आलं का?" "आलं काकू, आलं... गेलं." रिमोटचं बटण सापडेपर्यंत पुढचं प्रेत पडलेलं.

फोनवर तो विचारायचा, "आई, दिसलं?" "दिसलं ना. कुणी मॅथ्यू होता."

मग काकूंचे डोळे अधू व्हायला लागले. डॉक्टर म्हणाले, दुर्गापूजेपर्यंत दिसेल, पुढचं सांगता येत नाही. श्यामकांतने साहेबाचे पाय धरले, एकदाच नाव सुरुवातीला टाका. साहेब म्हणाला, सुरुवातीला माझं असतं.

शेवटी पूजेत तो स्वतःच आला. तोवर काकूंना फक्त उजेड कळत होता. शेजारी बसला, भाग संपला.

"नाव आलं का?"

"आलं आई. मोठ्या अक्षरांत."

काकूंनी काचेवरून तळवा फिरवला. "अजून आहे?"

"आहे ना," म्हणाला, आणि समोर पुढच्या भागातला पाद्री बोंबलत होता.

...असं बघू नका. सांगतो. खोटं एवढंच, की श्यामकांत आला नाही. त्या आठवड्यात त्याला दोघं मारायचे होते, रजा कोण देणार? शेजारी बसलेला मी होतो. मला वाटलं, काकूंना काय कळतंय. पण डोळे गेले म्हणून कान थोडेच जातात? श्यामकांत कलकत्त्यात वाढलेला, जन्मभर बंगाल्यांसारखा 'पाणी खातो' म्हणणारा. मी उठताना म्हटलं, "जरा पाणी पितो." काकूंनी कान माझ्याकडे वळवला. मग म्हणाल्या, "पी हो श्यामकांत. आणि पुढच्या रविवारीही ये."

जातो. न जाऊन करतो काय? मालिकेचे अजून नऊ सीझन बाकी आहेत.