एका कान्यानं आलेली लाइन

...अन् तो साहेब मले म्हनते, 'मालकीचा कागद आणा.' आता तुमाले सांगतो, ज्या घरात माहा जनम झाला, त्या घराचा मी मालक हाव का नाई हे मलेच ठाऊक नाई, कारन घर कोरटात आहे, अन् कोरटालेबी अजून ठाऊक नाई! वादळात मीटर जळलं, एवढंच झालं होतं हो. नवं मांगायले गेलो तं माह्या लहान्या भावानं, नानाजीनं, पहिलेच अर्ज देऊन ठेवलेला, का घर माहं आहे, सोमाजीले लाइन देऊ नका. अरे बाप्पा, घराचं कोरट पाहून घेईन... मले फक्त लाइन पाहिजे होती.

सात महिने! सिंदेवाहीच्या लाइनच्या हापिसात चकरा मारून मारून एसटीचा कंडक्टर मले न इचारता तिकीट फाडून देऊन राह्यला. इकडं माही बायको नीलाबाई, तिच्या डोळ्याचं आपरेशन झालेलं, दिवस बुडाला का तिले काई दिसत नाई, दोनदा उंबरठ्यावर पडली. अन् भिंतीच्या तिकडं नानाजी, तोबी अंधारातच, मीटर एकच होतं नं! मले लाइन भेटू नये म्हनून तो सोता दिवा लावून बसला. याले भांडन म्हनाव का काय म्हनाव?

अन् ह्याच नानाजीचं सांगतो... आमच्या घरी पहिल्यांदा लाइन आली तवा मी आठ वर्साचा, तो पाच. बापानं बल घेतला एक अन् खोल्या दोन, मंग मधातल्या भिंतीले भोक पाडलं अन् भोकात बल बसवला. अर्धा उजेड इकडं, अर्धा तिकडं. मी इकडून पाढे म्हनो, तो तिकडून चुकवे, अन् भोकातून माह्या पाटीवर चिचोके फेके. बल लागला का माय हात जोडे, तं हाबी हात जोडून म्हने, 'देवा, भाऊची पाटी फोड.' फुटलीबी एकदा! काय दिवस होते हो ते... लय याद येते. आता ते भोक त्यानं सिमिटानं बुजवलं, अन् इटा माह्याच अंगनातून नेल्या. जाऊ द्या, मले फक्त लाइन पाहिजे होती.

मंग एक नवा साहेब आला. तो म्हने, 'सोमाजीभाऊ, मालक कोण ते कोर्ट बघेल. घरात जो राहतो त्याला वीज मिळते. अर्जात मालक खोडा, भोगवटादार लिहा.' आता एवढा मोठा शब्द माह्या बापानं तरी लिवला होता का? मी घाईत लिवलं 'भोगवाटादार'. एक काना जास्त. हापिसानं त्याची नक्कल नानाजीले धाडली, अन् त्याले त्यात काय दिसलं? वाटा! पानठेल्यावर साऱ्याइले वाचून दाखवून राह्यला, का पाहा, भाऊनं माहा वाटा लिवून देल्ला. त्याच खुशीत आपला अर्ज वापस घेतला, अन् आपल्याबी नावानं मीटर मांगतलं. पंधरा दिवसांत एका भिंतीवर दोन मीटर!

मंग त्याच्या वकिलानं त्याले समजावलं का हा वाटा नाई, हे लिवन्यातली चूक आहे. झालं! तवापासून बोलनं बंद, तारखा चालू.

पन तुमाले सांगतो, मीटर दोन असले तरी खांब एकच आहे नं. लाइन गेली का दोघाची जाते. पंखा बंद, टीव्ही बंद, गर्मीनं तो बाहेर येते, मीबी येतो. गावात बिबट फिरून राह्यला, एकट्यानं अंगनात बसाची सोय नाई, मंग तो आपली खाट माह्या खाटेले आनून लावते. बिबट्याच्या भेवानं हो, माह्यासाठी नाई! तंबाखू-सुपारीचा खर्रा पुढं करते, अन् हळूच म्हनते, 'भाऊ, औंदा धान कोन्तं लावता?' मी सांगतो. मंग बापाच्या गोष्टी निघते, मायच्या निघते, दोघंबी हासतो... अन् तेवढ्यात लाइन येते. तो उठते, खाट उचलते, आपल्या दारात जाते.

सात महिने भांडून लाइन आनली हो मी... अन् आता रोज दिवस बुडाला का अंगनात खाट टाकून बसतो, अन् लाइन जायची वाट पाहातो.