धोंडूचा बदली

सिनेमात काम मिळायला नशीब लागतं म्हणता? मग आमच्या धोंडूचं ऐका.

पन्नासच्या दशकात आमच्या घाटकोपरच्या चाळीत एक ग्रीक सिनेमावाला आला. त्याला नट नको होता, खरा गिरणी कामगार हवा होता. त्याच्या मोडक्या इंग्रजीचं मराठी करायला मी होतो. "धोंडूने फक्त धोंडू म्हणून दिसायचं," साहेब म्हणाला. पहिल्या दिवशी धोंडू डबा घेऊन घरातून बाहेर पडला. एकदम झकास!

दुसऱ्या दिवशी त्याने घरी परत यायचं होतं. कॅमेरा सुरू झाला, आणि धोंडूचा शर्ट, धोंडूची टोपी घालून आला कोण, तर शेजारचा बाबल्या!

साहेब किंचाळला, "हा कोण?"

"धोंडूचा बदली," बाबल्या म्हणाला. "गिरणीत कुणी खाडा केला की देतात ना, तसा."

"अरे, पण धोंडू कुठाय? आजारी पडला?" मी ओरडलो.

"नाय रे, मी हंय आसंय!" धोंडू बघ्यांच्या पहिल्या रांगेत, मांडीवर पोर घेऊन, स्टुलावर बसला होता.

"मग ऊठ ना! तुझं काम तू कर!"

"खुळो की काय? मीच काम करत रवलंय, तर शूटिंग बघतलंय कधी?"