वडीतली नावं

(रत्नागिरी, १९८९ चा डिसेंबर. रघूचं रेडिओ-टेप दुरुस्तीचं दुकान. रघूच्या हातात लीलाच्या घरचा, हातात धरून खेळायचा छोटा व्हिडिओ गेम आहे; त्यात खोचायच्या कार्ट्रिजला ती 'वडी' म्हणते. दारात बाबल्याची रिक्षा उभी आहे. रिक्षात लीलाचे पती हरिहर बसलेले आहेत.)

रघू: तेल? काकू, तुम्ही यात तेल घातलंत?

लीला: जरासंच. बोटाला लावून. दात हिरवे पडले होते रे वडीचे. आमच्याकडे मिऱ्याचं खारं वारं, घरात पितळेचं काही म्हणून टिकत नाही. अडकित्त्याला लावते, विळीला लावते, शिवणयंत्राला लावते. म्हटलं, हिलाही लावावं.

रघू: कुठलं तेल?

लीला: खोबरेल. घरचं. काडीची भेसळ नाही हो त्यात.

रघू: म्हणजे शुद्ध घाण. तरीच! सकाळी गेम चालत नाही आणि दुपारी चालतो म्हणालात, तेव्हापासून डोकं खाजवतोय मी. थंडीत तेल थिजतं आत. ऊन वर आलं की पातळ होतं, मग चालतो.

लीला: मला वाटलं, यांच्यासारखाच त्याचाही हात सकाळी आखडतो.

बाबल्या: काकू, काका भोंगा सोडत नाहीत. रस्त्यावरची माणसं माझ्याकडे बघून शिव्या घालतायत.

लीला: वाजवू दे रे बाबल्या. अर्धांगातनं डावा हात तेवढा वाचलाय. तुझी रिक्षा काय झिजत्येय?

बाबल्या: रबर नवीन आहे हो भोंग्याचं.

लीला: जा, त्यांना सांग, रघू तेल काढतोय. आत्ता होतंय म्हणावं.

रघू: होईलच. स्पिरिटने पुसून देतो.

लीला: ते तर करच. पण मी आले वेगळ्या कामाला. हिची दुसरी काढून दे.

रघू: दुसरी काय?

लीला: दुसरी वडी. हीच, अशीच. बुवांच्या भजनांची कॅसेट नाही का उतरवून दिलीस मला? एक बिघडली तर एक घरात असावी. मूळची कपाटात ठेवीन, नक्कल यांच्या हातात देईन.

रघू: ते वेगळं, काकू. कॅसेटमध्ये फीत असते. इकडे वाजवली, तिकडे भरली, झालं. यात फीत नाही, चिप असते. ती वाचायला यंत्र लागतं, भरायला यंत्र लागतं, कोरी चिप लागते. आपल्याकडे नाही यातलं काही.

लीला: कॉलेजात विचार.

रघू: तिथल्या सरांकडे पुस्तक आहे. यंत्र नाही.

लीला: मग मुंबईला धाड. लॅमिंग्टन रोडच्या रेडिओ बाजारात इतकी वर्षं काय नुसता चहा प्यायलास?

रघू: चहाच जास्त. गंमत सांगू? तुमची ही वडी अस्सल नाहीच. वरचं चित्र बघा, कडेला कसं फिस्कटलंय. ही तैवानात कुणीतरी केलेली नक्कल आहे.

लीला: बघ! म्हणजे निघते नक्कल.

रघू: तिकडे निघते.

लीला: मग नकलेची नक्कल काढ, मेल्या. कॅसेटवरून कॅसेट किती वेळा काढलीस.

रघू: आणि बुवांचा आवाज बसला म्हणून तुम्हीच येऊन भांडलात.

लीला: भांडणार नाही आता. रघू, खरं सांगू? खेळाचं मला काही नाही. खेळ संपल्यावर एक पाटी येते बघ, इंग्रजीत. ती मला हवी. तेवढी उतरवून ठेव.

रघू: ती होय? ज्याचे गुण जास्त, त्याचं नाव. ती कशाला हवी?

लीला: अरे, यांनी जन्मभर जांभ्याची घरं बांधली. आमच्या आळीत निम्म्या भिंती यांच्या हाताखालच्या. आणि या खेळात वरून चिरेच पडतात की! ते फिरवायचे आणि खाली बसवायचे. पहिल्यांदा फार संतापले. ओळ पुरी झाली की नाहीशीच होते ना. माझं मनगट धरून दाखवायचे, बघ, बघ काय चाललंय! तोंडातून शब्द नाही, पण गवंड्याला झापल्यासारखे डोळे. मग सवय झाली. आता डाव जमला की ती पाटी येते आणि हे तिच्यावर काहीतरी लिहितात. एकेक अक्षर. घाम फुटतो अंगाला. लिहून झालं की मला दाखवतात.

रघू: आणि तुम्ही?

लीला: मी म्हणते, छान. मला कुठलं इंग्रजी? मराठी चौथी मी. परवा सकाळी चालू झालं नाही, तर रडले रे. दुखणं आल्यापासून डोळ्यात टिपूस नव्हतं आलं.

रघू: काय लिहितात ते विचारलं नाहीत कुणाला?

लीला: नाव लिहीत असतील आपलं. जन्मभर करारावर सह्या करणारा माणूस, दुसरं काय लिहिणार?

रघू: थांबा, पुसून झालंय. तुमच्या मशीनला लावून बघू. चालला, चालला. ही आली तुमची पाटी.

लीला: आहे ना सगळं? गेलं नाही ना?

रघू: आहे. काकू, हे काकांचं नाव नाही.

लीला: मग?

रघू: पी, ए, डी, एम, ए.

लीला: म्हणजे काय ते मराठीत सांग.

रघू: पद्मा. वरच्या ओळीत पद्मा, खालच्या ओळीत पद्मा. सगळ्या ओळींत तेच. काकू? हे स्टूल घ्या. बसा आधी.

लीला: नीट वाच. तुझं इंग्रजी मुंबईचं.

रघू: दोनदा वाचलं. तुमची मुलगी पद्मजा मस्कतला आहे ना? माझ्या ताईच्या वर्गात होती.

लीला: हळू! बाहेर ऐकू जाईल. हे नाव घ्यायचं नाही आमच्यात.

रघू: का?

लीला: तिथल्या हॉस्पिटलातल्या एका मलबाऱ्याशी लग्न केलंन. कळलं तेव्हा गणपती बसलेले होते घरात. हे पाटासमोर उभे राहिले आणि म्हणाले, आजपासून हे नाव या उंबऱ्याच्या आत नको. मी नाही घेतलं मग. मनातल्या मनात सुद्धा 'ती' म्हणायची सवय लागली.

रघू: आणि हा गेम कुणी आणला?

लीला: तिनेच धाडला. राजिवड्याच्या गफूरबरोबर. नर्स ना ती, हाताला व्यायाम होईल म्हणून. यांना मी सांगितलं, माझ्या भावाने मुंबईहून दिला.

रघू: कळलं हो काकांना.

लीला: कळलं असणार. मला दाखवत होते रे. रोज दाखवत होते. आणि मी म्हणत होते, छान.

बाबल्या: काकू, काकांनी भोंगा सोडला. आता दरवाज्याकडे टक लावून बसलेत. ते जास्त वाईट वाटतं.

लीला: आले म्हणावं. रघू, आता मला दुसरी हवीच. उघड ती, बघ आत काय करता येतं.

रघू: उघडतो. स्क्रू तर गंजलेत. हां... अरे देवा.

लीला: काय झालं?

रघू: ही बघा, ही टिकली दिसते ना, हा सेल आहे. खेळ राहतो मोठ्या चिपमध्ये, त्याला काही होत नाही. नावं राहतात या बारक्या चिपमध्ये, ती या सेलच्या जिवावर. सेल स्वस्तातला, फुटून पाणी सुटलंय. पट्टी पण खाल्ली त्याने.

लीला: माझ्या तेलाने?

रघू: तेलाने नाही. पण आज ना उद्या जाणार हा.

लीला: मग नवीन घाल.

रघू: जुना काढला की पाटी कोरी.

लीला: तर मग काढू नको.

रघू: नाही काढला तरी कोरी. दोनचार दिवस इकडे तिकडे.

लीला: असं कसं रे दोन्हीकडून?

रघू: मघाशी शेजारच्या स्टुडिओवाल्याला बोलावून फोटो घ्यायला हवा होता पाटीचा. परत जोडून घेऊ हवा तर.

लीला: फोटो मला पुरेल. त्यांना नाही पुरणार. अरे, ते घरी जाऊन पहिलं ती पाटी उघडणार. कोरी दिसली की काय वाटेल त्यांना? की हिने रघूकडून वाचून घेतलं आणि पुसून टाकायला लावलं. मनात म्हणतील, मीच सांगितलं होतं ना, नाव घ्यायचं नाही, म्हणून हिने पुसलं. वर्षाने माणूस एक शब्द बोललाय, आणि तो मी पुसला असं होईल.

रघू: एक करता येतं. जुना असतानाच त्याच्या बाजूला नवा जोडायचा. कथिलाचा डाग लागला की मग जुना सोडवायचा. म्हणजे नावांना कळतच नाही सेल बदललेला.

लीला: एका चुलीतला निखारा दुसऱ्या चुलीत न्यायचा, मग पहिली विझवायची.

रघू: तसंच. पण पट्टी कुजलीय. शब्द देत नाही मी.

लीला: शब्द नको. कर.

रघू: बाबल्या, दारात उभा राहू नकोस, उजेड अडतो. डाग द्यायची इस्त्री तापलीय. हा एक डाग लागला. आता दुसरा...

बाबल्या: गेली!

लीला: काय गेलं?

बाबल्या: लाईट गेली, काकू. माझा भाऊ धोंडू तिकडे पोफळीच्या वीजघरात, धो धो वीज काढतात डोंगरातनं. घरी आला की विचारतो आम्हाला, अंधारात का बसलाय.

रघू: गप रे! काकू, पट्टी सुटली.

लीला: गेलं?

रघू: माहीत नाही. सुटल्याबरोबर अंगठ्याने दाबलीय. टेकलेली आहे असं वाटतंय. डाग द्यायला इस्त्री गार झाली. लाईट येईपर्यंत असंच धरून बसायचं.

लीला: कधी येईल?

रघू: ते कुणाला माहीत?

लीला: अवघडलास रे तू.

रघू: वाकून धरलंय ना, पाठीतून कळ येत्येय.

लीला: इकडे दे. माझं बोट ठेव तिथे. सरक. लसूण सोलणाऱ्या बायकांची बोटं आहेत, हलत नाहीत.

रघू: इथे. नखाने नाही, पेराने. दाबा. हां. श्वास घेतलात तरी चालेल.

बाबल्या: काकांना काय सांगू?

लीला: सांग, काकूने धरून ठेवलंय.

बाबल्या: काय धरलंय?

लीला: तेवढंच सांग. रघू, लहानपणी ही... पद्मा, झोपेत माझं हेच बोट धरायची. सोडवून घेतलं की जागी व्हायची. मी तशीच बसून राहायचे, चुलीवर भात करपला तरी.

रघू: दुखतंय का?

लीला: बधिर झालंय. तिथे आहे की नाही तेच कळत नाही.

बाबल्या: आली, आली लाईट!

रघू: हलू नका. तापू दे इस्त्री. चटका बसेल, हं.

लीला: बसू दे.

रघू: लागला. सोडा आता. जुना काढतो. झालं. लावतो मशीनमध्ये.

लीला: लाव.

रघू: चिरे पडतायत. गेम चालू आहे.

लीला: पाटी दाखव.

रघू: काकू...

लीला: दाखव मला.

रघू: ह्या नुसत्या रेघा आहेत.

लीला: नाव येण्याआधीच्या?

रघू: कोऱ्या. पट्टी सुटली तेव्हाच गेलं असणार. माझ्या हातून.

लीला: किंवा माझ्या. कुणाला सांगता येणार आहे?

रघू: मी खेळतो. जिंकतो आणि सगळ्या ओळींत तेच नाव घालून देतो. त्यांना कळायचं नाही.

लीला: नको. तू लिहिलेलं काय करायचंय आम्हाला?

रघू: काकू, मी येऊन सांगू का त्यांना? सेल फुटला होता म्हणून?

लीला: तुझं काम तू केलंस. दे ती वडी इकडे, मशीनसकट.

बाबल्या: काकू, काकांनी हात पुढे केलाय. मागतायत.

लीला: सरक रे. मी देते. हे घ्या. तेल काढलंय रघूने, सकाळी सुद्धा चालेल आता. नाही, थांबा, पाटी आत्ता नका उघडू. घरी गेल्यावर... बरं, उघडा. अहो, असं बघू नका माझ्याकडे. सेल फुटला होता आतला. लाईट गेली. मी बोट लावून धरलं होतं हो, हे बघा, भाजलंय. अहो, ऐका ना. पद्माला मी नाही हो पुसलं.