जाईबाईंचं पहिलं लिहिलेलं गाणं

रत्नागिरी स्टँडवर चिपळूणच्या गाडीची वाट बघत होतो. मागच्या बाकावर आमच्या वाडीतल्या जाईबाई आणि त्यांची भाची दर्शना बोलत होत्या.

"आत्ये, साठीत लिहायला कशाला शिकलीस? गाणी तर तोंडानंच रचतेस."

"भात लावताना सुचतात गो. घरी येईस्तोवर अर्धी विसरते."

"वहिनी लिहून द्यायची ना?"

"द्यायची सूनबाय. पण मी चिखल म्हटलं की ती माती लिहायची. चिखल बरा दिसत नाय म्हणे."

"मग भांडलीस?"

"नाय. रोज दुपारी तिच्याकडूनच बाराखडी शिकले. काल पहिलं गाणं स्वतः लिहिलं नि तिला दाखवलं."

"काय म्हणाली?"

"आज भाकऱ्या करायला बसले, तर परात ओढून घेतलीन. म्हणाली, 'आई, काय सुचलं असेल तर आधी लिहून घ्या.'"