पाठीवरची दोन बोटं

शिरीष : ताई, बस ना जरा. तू आणि तुझे सासरे, दोघंही नुसत्या येरझारा घालताय.

शुभदा : सकाळपासून पप्पा प्रत्येक खोलीचं दार उघडून बघताहेत, शिरीष. या हाइममधली, वृद्धाश्रमातली, बाकीची म्हातारी माणसं घाबरलीत.

शिरीष : म्हणून तर त्यांना स्मृतिभ्रंशवाल्यांच्या कुलूपबंद वॉर्डात हलवायचं म्हणतात. आल्झो, तेव्हा मॅनेजर बाई आली की हो म्हणून टाक. पुढे परवानगीचं काय ते कोर्ट बघेल. सोमवारी तुला तिकडे दूर गार्चिंगला नव्या नोकरीवर हजर व्हायचंय.

शुभदा : माहीत आहे. घरभर खोकी बांधून पडलीत.

शिरीष : मग? येन्स भावजींना जाऊन दोन वर्षं झाली. नवरा गेल्यावर त्याच्या वडिलांचं एवढं कोण करतं?

शुभदा : मला जायचंय रे. खूप जायचंय. या हॅम्बर्गच्या पावसाला विटलेय मी. पण कुलूप? पप्पांना?

शिरीष : त्यांनी इथल्या त्या हेअर ब्रांट आजोबांना कोपराने अडवलं. रोज पिच्छा पुरवत होते बिचाऱ्यांचा. सगळे म्हणतात, आक्रमक झालेत.

शुभदा : आक्रमक कसले डोंबलाचे! फुटबॉलमध्ये डिफेंडर होते ते. लेफ्ट बॅक.

शिरीष : साठ वर्षांपूर्वी, ताई.

शुभदा : तेव्हा मॅचआधी कोच एक माणूस नेमून द्यायचा. हा तुझा. मग त्याची पाठ सोडायची नाही. डोळे बॉलवर आणि दोन बोटं त्याच्या पाठीवर, म्हणजे न बघता कळतं तो कुठे पळतोय. दहा वर्षं पगारी खेळले, नावावर एक गोल नाही.

शिरीष : एकही नाही? मग पेपरात नाव कधी यायचं?

शुभदा : माणूस हातून निसटला की यायचं.

शिरीष : वा! छान करिअर.

शुभदा : हसू नकोस. गुडघा फिरला तेव्हा बदली खेळाडू घ्यायची पद्धत नव्हती. अख्खा सेकंड हाफ एका पायावर उभे होते, त्या फॉरवर्डला खेटून. परत कधी खेळले नाहीत. पण तो गोल न करता घरी गेला, हे सांगताना काय खूश व्हायचे!

शिरीष : आणि हेअर ब्रांट? तेही खेळायचे?

शुभदा : छे. ट्राम चालवायचे. पण सारखे रस्त्याच्या दाराकडे पळायचे ना, मग पप्पा मध्ये.

शिरीष : आज दिसत नाहीत ते.

शुभदा : काल मुलगी हॅनोव्हरला घेऊन गेली. पप्पांना कुणी सांगितलंच नाही.

शिरीष : म्हणजे सकाळपासून हे...

शुभदा : गेनाऊ, अगदी तेच. त्यांचा माणूस सापडत नाहीये.

शिरीष : मग सांग की मॅनेजर बाईला.

शुभदा : सांगितलं. म्हणाली, किती गोड आठवण आहे. आणि वॉर्ड कसा प्रशस्त आहे ते दाखवायला लागली.

शिरीष : ताई, मला समजतंय. पण तू किती दिवस अडकून पडणार? तुझं काय?

शुभदा : तेच तर! माझं काय, हे मला रात्रंदिवस टोचतंय. तू आणखी टोचू नकोस.

शिरीष : बरं बाई. आता थांब, इकडेच येताहेत ते.

शुभदा : पप्पा? पप्पा, मी शुभदा.

शिरीष : तुझ्याकडे बघतच नाहीयेत. दाराकडे बघताहेत. पण हात तुझ्या पाठीवर...

शुभदा : हो. कळतंय मला.

शिरीष : किती शांत उभे राहिले गं एकदम.

शुभदा : सकाळपासून पहिल्यांदाच.

शिरीष : ताई, मॅनेजर बाई आली. खूण करतेय. चल ना आत.

शुभदा : तूच जा. नाही म्हणून सांग. मी हलले की त्यांना मागे यावं लागेल, आणि गुडघा दुखतो त्यांचा.