सोडलं – धरलं

ह्या चेनला काहीही झालेलं नाही, बाई. हे बघा – इकडून ओढली, तिकडून ओढली, कशी सरसर चालतेय. तुम्ही बॅग दुरुस्तीला आणलेली नाही, मला बोलतं करायला आणलीय, आणि वर त्या स्टुलावर अशा बसलाय की उठायचं नाव नाही. मला हे आवडत नाही, आधीच सांगून ठेवतो. शाळेत पोरांना खोदून खोदून विचारता तसं मला विचारायचं नाही. मी शाळा सोडली तेव्हा मास्तर आणि मी, दोघांनीही एकदमच सुटकेचा निःश्वास टाकला होता. माझ्याकडून काही काढायचं म्हणजे चेनचा गंजलेला रनर काढण्यासारखं आहे – पक्कड तुटेल, रनर हलायचा नाही. – काय? भाषा? कुठली भाषा? मला एकच येते, तुम्ही बोलताय ती, आणि तीही भांडणापुरती. – त्या पोरीने सांगितलं? ती कशी सांगणार, तिचं तुम्हाला कळत नाही, तुमचं तिला. – हाताला धरून इथपर्यंत ओढत आणलंन् होय. बरं. आणि ती आता कुठंय? ती समोर, भिंतीपाशी? दिसतायत, दोघंही दिसतायत, चष्मा जुना आहे माझा, डोळे शाबूत आहेत. सावलीत तरी उभं करायचं होतंत त्यांना. असो. मला काय त्याचं.

रखवालदाराने तुम्हाला काय सांगितलं माहीत नाही, पण झालं ते असं. काल सकाळी तो दोघांना घेऊन आला – तो त्या वसतिगृहाचा रखवालदार. वसतिगृह कसलं, जुनं गोदामच ते, सरहद्दीपलीकडे लढाई पेटल्यापासून पळून आलेली पोरं तिथे आणून ठेवतात, तुम्ही शिकवता ती. दोघांत मिळून एकच बॅग, रनर निखळलेला, सुतळीने आवळलेली. शेजारचा शिंपी इथेच होता, तुम्ही बसलाय त्याच स्टुलावर, तो रोजच असतो, काम थोडं आणि चौकशा फार. मी आपला कामाला लागलो – सुतळी कापली, वाकलेले दाते सरळ केले, नवा रनर चढवला, वरून मेणबत्ती घासली. तो लहान पोरगा माझ्याकडे टक लावून बघत होता. मग बहिणीला म्हणतो – बहिणीला म्हणजे तिला, त्या मुलीला – म्हणतो, ह्याला बोकडाची दाढी आहे. आणि ती त्याला म्हणते, गप, बोकड चावतो. – हो, कळलं मला. लागलीच कळलं. असं हसू आलं पोटातून की मी खोकल्याचं सोंग घेतलं. शिंपी म्हणाला, पाणी देऊ का. म्हटलं दे. काय करणार?

तिथवर ठीक होतं. मग बॅग द्यायची वेळ आली. आता हे तुम्हाला सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळायचं नाही. त्यांच्या तिकडे – बरं, आमच्या तिकडे, आमच्या, झालं समाधान? – आमच्या तिकडे सगळा डोंगर. घरं उतारावर, वाटा उतारावर, हातातनं वस्तू निसटली की ती गेली खाली दरीत, परत काही दिसायची नाही. म्हणून तिथे काहीही एका हातातून दुसऱ्या हातात द्यायचं तर देणारा म्हणतो, ‘सोडलं’. आणि घेणाऱ्याने ‘धरलं’ म्हटल्याशिवाय हात काढत नाही. पाण्याचं भांडं असो, सरपणाचा भारा असो, तान्हं मूल असो. तिथे पोराला चालायच्या आधी हे दोन शब्द येतात. मी आयुष्यभर ह्या काउंटरवरून लोकांना बॅगा देत आलोय, ते कधी तोंडातून गेलं नव्हतं. काल गेलं. तिचा हात पुढे आला, एवढासा, नखं कुरतडलेली, आणि माझ्या तोंडून निघालं – सोडलं. तिकडच्या भाषेत. आणि ती, विचार न करता, उजेड आला की डोळे मिटतात ना तशी – धरलं. मग दोघंही बॅग धरून उभे. ती सोडेना, मी सोडेना.

रखवालदार बेरका. म्हणाला, काका, तुम्हाला हिची भाषा येते की काय? आमचं फार अडलंय हो. आणि मग सांगायला लागला – तुम्हाला ठाऊकच असेल – की दोघांना मिळून घेणारं एक घर आहे, पण त्यांना सख्खी भावंडंच हवीत. आणि ही पोरगी म्हणते, हा माझा कोणी नाही, वाटेत भेटला. दहादा विचारलं, फोनवर दुभाषा लावून विचारलं, तेच. मग आता ती एका गावाला जाणार आणि तो दुसऱ्या, आणि त्याला न्यायला आज दुपारी गाडी येणार. – येणारच ना? तेच म्हणतोय. – दुभाष्याची चूक नाही बरं का. तो शब्द बरोबर सांगतो. ती खरोखर तसंच म्हणते, काल इथेही रखवालदाराने पोराकडे बोट दाखवून विचारलं तेव्हा म्हणाली. रखवालदार समोरून बघत होता, त्याला तिचं तोंड दिसत होतं. ती त्याच्याकडे वळलेली, मी ह्या बाजूला, तिच्या पाठीशी. मला तिचा हात दिसत होता, पाठीमागे धरलेला, आणि त्या हातात त्या पोराची मूठ, बोटं पांढरी पडेपर्यंत आवळलेली.

मी काय म्हणालो? म्हणालो, मला नाही येत. शिंपी बसला होता ना. तोंडातनं चुकून काहीतरी निघालं असेल, म्हटलं, वय झालं. आणि बॅग सोडली.

तुम्ही अशा बघू नका माझ्याकडे. मला माहितीय मी काय केलं. काल दिवसभर ह्या दुकानात मी एक काम धड केलेलं नाही, एका चांगल्या चामड्यात आरी भलतीकडेच घातली. पण तुम्हाला गल्ली माहीत नाही, बाई. ह्या गल्लीत त्या वसतिगृहाविरुद्ध सगळ्यात मोठ्याने कोण बोललंय? मी. आपल्यालाच जागा नाही, ही कोण कुठली पोरं, उद्या आपल्या उरावर बसतील – हे शिंपी नाही म्हणाला, मी म्हणालो, चहाच्या टपरीवर उभा राहून, आणि माना डोलल्या तसा आवाज आणखी चढवला. एक म्हणाला, काका अस्सल इथले, त्यांना विचारा. मी छाती पुढे काढली. अस्सल. आता त्याच लोकांसमोर म्हणू की मीही असाच आलोय, असाच एका ट्रकातून, नाक गळत? मला लाज वाटली. आणि आता त्या लाजेची लाज वाटतेय, त्याला काय करू, सांगा ना, तुम्ही शिकलेल्या.

तेव्हाही लढाईच होती. वेगळी, पण लढाईच. ट्रकात जागा पोरांपुरतीच होती, मोठ्या माणसांना घेत नव्हते. आई खाली उभी. तिने मला उचलून वर दिलं, मी लहान, ह्या बाहेरच्या पोराएवढा असेन – वर दिलं आणि म्हणाली, सोडलं. आणि वरून – वरून एकाने म्हटलं, धरलं. – कोणी म्हणजे? होता एक मोठा मुलगा. – तुम्ही फार विचारता. – थोरला. माझा थोरला. सख्खा. त्याच्या ओठावर लव फुटत होती तेव्हा, स्वतःला मोठा बाप्या समजायचा. मग आईने खालून त्याला बजावलं, आणि हेच तर तुमच्या त्या दुभाष्याला कधी कळायचं नाही. आमच्याकडच्या सगळ्याच आया हे बजावतात, तेव्हाही बजावत होत्या, आताही बजावत असणार. वाटेत कोणी विचारलं तर तुम्ही एकमेकांचे कोणी नाही. भावंडं आहेत असं कळलं की ते बंदूकवाले एकाला मारतात आणि दुसऱ्याकडून वदवून घेतात – बाप कुठे लपलाय, घर कुठलं. म्हणून कोणी नाही. वाटेत भेटला. पोचेपर्यंत हेच. पोचलात की मग सांगा.

कळलं का आता? ती पोरगी खोटं बोलत नाहीये. ती अजून वाटेवर आहे. तिला कोणी सांगितलंच नाही की बाई गं, पोचलीस. – तुम्ही सांगितलंत? कुठल्या भाषेत? आणि तुम्ही सांगून काय उपयोग? पळणाऱ्या पोराला वाटेत शंभर माणसं म्हणतात, ये, आता काही भीती नाही, आणि त्यातली काही तर पकडायलाच आलेली असतात. ते सांगायला तिकडचंच माणूस लागतं, तिकडच्याच बोलीत. काल ते माणूस तिच्यासमोर पक्कड हातात घेऊन बसलं होतं, आणि म्हणालं, मला येत नाही.

आम्हाला इथे आणलं तेव्हा एका मोठ्या खोलीत बाकांवर बसवलं. लोक येऊन बघून जायचे, बाजारात बघतात तसे. हे दुकान ज्यांचं होतं ते नवराबायको आले. त्यांना लहान हवा होता, एकच. तिथल्या माणसाने थोरल्याला विचारलं, खाणाखुणांनी, हा तुझा भाऊ का? मी थोरल्याकडे बघत होतो. मला वाटलं आता म्हणेल. खोलीला दार होतं, छप्पर होतं, कोणाच्या हातात बंदूक नव्हती, पोचलो होतो की आम्ही. त्याने माझ्याकडे बघितलं. मान हलवली – नाही. आणि माझा हात सोडला. सोडलं असं म्हणालासुद्धा नाही. नुसता सोडला.

नवराबायको चांगली होती, उगाच वाईट बोलणार नाही. मला पोटभर घातलं, कामधंदा शिकवला, दुकान दिलं. तिला मी आई म्हणायला लागलो, आणि एक दिवस लक्षात आलं की पहिलीचा आवाज आठवत नाही. भाषा कोणी बंद केली नाही, हो. गल्लीतली पोरं माझ्यासारखं बोलून दाखवायची, शेळीसारखं तोंड करून, मग मीच बंद केली. बायकोला कळू दिलं नाही. एकदा तापात मी काहीतरी बडबडलो, ती म्हणाली, अहो हे काय बोलत होतात? म्हटलं, तापात माणूस काहीही बरळतो. ती बिचारी गेली तशीच. जिच्याबरोबर जन्म काढला तिला मी कुठला ते माहीत नव्हतं.

आणि थोरला? थोरल्याला काय धाड भरलीय. ह्याच शहरात आहे. बसवर ड्रायव्हर होता. मी मिसरूड फुटल्यावर एकदा त्याच्या बसमध्ये चढलो, त्याने आरशातून बघितलं, मी बघितलं, उतरताना म्हणाला – इथल्या भाषेत – रविवारी घरी असतोस का? तेव्हापासून दर रविवारी येतो. पत्ते खेळतो, पानं लपवतो, चहाला नावं ठेवतो. सून त्याला तुमचे ड्रायव्हर मित्र म्हणते. मित्र. पोरं ड्रायव्हरआजोबा म्हणतात. आम्ही दोघंही हसतो. इतक्या रविवारांत त्याने तिकडचा एक शब्द उच्चारला नाही, आणि मीही नाही. – आता तुम्ही म्हणाल, त्यालाही कोणी सांगितलं नसेल, पोचलास म्हणून. ठाऊक आहे मला. मी तेच म्हणत आलो स्वतःला. लहान होता, घाबरला होता, आईनेच शिकवलं होतं. नाहीतर मला एकट्याला चांगलं घर मिळावं म्हणून म्हणाला असेल. असेल. पण मग नंतर? दात पडले, केसांना कलप लावून लावून तोही चढेनासा झाला, अजून पोचायचाच आहे का हा?

अरे, तो पोरगा खाली बसला बघा भिंतीपाशी. ती त्याच्यावर सावली धरून उभी आहे. कोणी नाही म्हणे.

उठा, बाई. हा दिवा घालवा, ते बटण तुमच्या मागे आहे. आत नका बोलावू त्यांना, मीच येतो. तो शिंपी दारात उभा आहे, असू दे, आज त्याला चौकशी करायला काहीतरी मिळेल. मी तिला सांगतो तिथेच, रस्त्यावर, तिकडच्या बोलीत, आणि कालचं जे काय आहे तेही सांगतो – तिची मला माफी मागायचीय, ती मी मागेन, बोकड तर बोकड. मग वसतिगृहात जाऊ, गाडी यायच्या आत. ती जे म्हणेल ते तुमच्या त्या लोकांना मी सांगेन, आणि दुभाष्याला म्हणावं तू फोन ठेव. – रडताय कशाला? मला नाही आवडत. ही बॅग घ्या तुमची. धरलीत? नीट धरा. आमच्यात तसं म्हणतात. – उद्या रविवार. तो येईल, खुर्ची ओढेल, म्हणेल, वाट पत्ते. नाही वाटणार. हात पुढे करून नुसता बसेन. आधी त्याने बोलायचं, सुनेसमोर, पोरांसमोर, तिकडच्या भाषेत. ह्या सगळ्यात एकाच माणसाने माझी माफी मागायला हवी होती, ती त्याने अजून मागितलेली नाही, बाई, आणि तो ड्रायव्हर नाही, मित्र नाही – माझा भाऊ.